बडोद्यातला मावेली

जगदेवरावांचे पूर्वज गायकवाडी फौजेत घोडदळात होते. स्वतः जगदेवराव जन्मात घोड्यावर बसले नाहीत. वीज कंपनीत नोकरी केली आणि आता रावपुऱ्यात निवांत राहत होते. शिलेदारी उरली होती ती झुपकेदार मिशांत आणि ऐसपैस पोटात.

त्याच ऐवजासाठी ओणमच्या सकाळी पणिक्कर धावत आले. ऑफिसातले जुने सोबती, मूळचे त्रिशूरचे. मल्याळी समाजाच्या कार्यक्रमात दरवर्षी मावेली होणाऱ्या गृहस्थांची ऐन वेळी कंबर धरली होती. मावेली म्हणजे बळीराजा, सोंगात नेहमी मिशाळ आणि पोट सुटलेला. वर्षातून एकदा तो पाताळातून आपल्या प्रजेला भेटायला येतो, त्याच्या स्वागताचा हा सण.

"जगदेवभाई, आज आपका पेट चाहिए," पणिक्कर म्हणाले.

कौशल्याबाई हसता हसता खालीच बसल्या. मग त्यांनीच नवऱ्याला रिक्षात कोंबलं आणि स्वतःही शेजारी बसल्या.

अलकापुरीतल्या हॉलवर त्यांना जरीकाठी मुंडू नेसवलं, माळा घातल्या, चकचकीत मुकुट चढवला आणि हातात झावळीची छत्री दिली. बोलायचं एवढंच, 'सुखमाणो?' म्हणजे बरे आहात ना?

चेंडा, म्हणजे केरळी ढोल, वाजू लागला. फुलांची भलीमोठी रांगोळी चुकवत जगदेवराव उड्या मारतच आत शिरले. लोक उठून उभे राहिले, हात जोडू लागले. त्या गडबडीत शिकवलेला शब्द पार उडाला आणि तोंडातून आलं, "इडा पिडा टळो, बळीचं राज्य येवो!"

चेंडा थांबला. पणिक्करांच्या वृद्ध सासूबाईंनी अर्थ विचारला. जगदेवरावांनी सांगितलं, दिवाळीच्या पाडव्याला आई ओवाळताना हेच म्हणायची. पणिक्करांनी ते मल्याळममध्ये समजावलं, तेव्हा सासूबाईंनी जगदेवरावांचा हात धरला.

"म्हणजे तुम्हीही त्याचीच वाट बघता," त्या म्हणाल्या. पणिक्करांनी त्याचं हिंदी करीपर्यंत थांबायची गरजच पडली नाही.

मग अख्खा हॉल मल्याळी हेलात 'इडा पिडा' म्हणू लागला. रस्सीखेचीत बायकांनी राजाला आपल्या बाजूला ओढलं. मुंडू एका हाताने सावरत राजाने रस्सी खेचली आणि सगळा पुरुषवर्ग तोंडघशी पडला. केळीच्या पानावर पायसमची खीर वाढणाऱ्यांना तो नको म्हणेना.

परतताना मुकुट काढायचं भान दोघांनाही नव्हतं. रिक्षावाल्याने वळून पाहिलं आणि अदबीने गुजरातीत विचारलं, राजमहेल लई लउं, राजवाड्यावर नेऊ?

"ना भाई," कौशल्याबाई गंभीरपणे म्हणाल्या, "रावपुरा."