साडूंचा फ्रेंच संगीतकार

फ्रेंच चित्रपट पाहणारे जगात पुष्कळ असतील. पण ते डोळे मिटून पाहणारा माणूस माझ्या साडूंखेरीज दुसरा झाला नाही. ऐंशीच्या सुमारास आम्ही दोघंही कुवेतला, अहमदीत, तेलाच्या नोकरीत होतो. तिथल्या एका फ्रेंच साहेबानं मायदेशी परतताना आपल्या व्हिडिओ कॅसेटी साडूंच्या गळ्यात मारल्या आणि साडू एका संगीतकाराच्या नादी लागले. त्याला खुद्द फ्रान्सात कोणी विचारत नसे. पडेल चित्रपट तेवढे त्याच्या वाट्याला यायचे, आणि ते पडण्याचं साडूंच्या मते कारण एकच, "नट मध्ये मध्ये बोलतात हो!" शुक्रवारची सुट्टी, म्हणून गुरुवारी संध्याकाळी सगळे त्यांच्याकडे जमत. साडू टीव्हीवर चादर टाकून आम्हाला चित्रपट ऐकवत. हळूहळू नेमकी गुरुवारीच लोकांची डोकी दुखायला लागली. "अहो, एकदा तरी कोणी शेवटपर्यंत ऐका," साडू काकुळतीला येत. आम्ही भजी संपेपर्यंत ऐकत असू.

या संगीतकाराची शैली म्हणजे निव्वळ काटकसर. नायिका रडायला लागली की इतर लोक ढीगभर व्हायोलिनं घेऊन तिच्या अंगावर धावून जातात. हा एकट्या क्लॅरिनेटवाल्याला आत सोडायचा आणि ऐन हुंदक्याला त्यालाही गप्प बसवायचा. "दुःखाला जागा लागते," असं साडू सांगत. पुढे तिथल्या आमच्या मराठी मंडळाच्या नाटकाचं पार्श्वसंगीत साडूंकडे आलं, कारण चांगला कॅसेट डेक त्यांच्याकडेच होता. त्यांना मात्र वाटलं, आता आपल्या माणसाचं चीज होणार. व्हिडिओवरचं संगीत त्यांनी साध्या कॅसेटवर उतरवून घेतलं, आणि भरल्या ताटावरून उठून ते ती कॅसेट मागे-पुढे करायचे.

शुक्रवारी दुपारी हॉल भरला. शेवटच्या अंकात वडील मरतात. क्लॅरिनेट सुरू झालं, लोक चक्क गप्प झाले, वडिलांनी मान टाकली, आणि साडूंनी शैलीप्रमाणे डेक थांबवला. आता प्रेक्षक कोण, तर पुण्या-नाशिकचे इंजिनियर आणि हॉस्पिटलातले टेक्निशियन. काहीतरी बंद पडलंय आणि आपण खुर्चीत बसलोय, हे त्यांच्या रक्तातच नाही. अर्धी रांग विंगेत घुसली. "प्लग बघा आधी!" "हेडवर धूळ असणार, वाळवंट आहे हे!" कोणीतरी फ्यूज काढला, तसे दिवेही गेले. "अहो, बंद नाही पडलेलं! ते तसंच आहे!" साडू ओरडत होते, पण ऐकतो कोण? अंधारातून मेलेल्या वडिलांनी विचारलं, "टॉर्च आहे माझ्याकडे, देऊ का?"

नंतर श्रीखंडाच्या पंगतीत सगळे पोट धरून हसले. मीही हसलो. परतताना साडू गाडी चालवत होते, मी शेजारी, दोघी बहिणी मागे. साडूंचं तोंड बंद व्हावं म्हणून आम्ही नवस बोलायचे तेवढे बाकी होते; पण आता ते बंद झालेलं मला बघवेना. शेवटी माझी बायकोच म्हणाली, "भाऊजी, वडील गेल्यावर पुढं काय वाजतं हो?"

"ऐकणार?" साडूंनी गाडी बाजूला घेऊन कॅसेट शोधली, लावली आणि गाडी पुन्हा रस्त्यावर आणली. श्रीखंड अंगावर आलेलं. बायको लगेच पेंगली, तिची बहीण आधीच झोपलेली. साडूंनी आरशात बघितलं आणि आवाज थोडा कमी केला. मी मात्र जागा होतो. घराचं वळण आलं आणि गेलं. साडूंनी गाडी वळवली नाही, आणि मीही काही बोललो नाही.