सुरतेत सापडलेला जेठ

नंदुरबारला गाडीत बसतानाच अक्का म्हणाली, "आप्पा, आते ही शेवटली खेप. मंग त्या पैसा त्यास्लेच ऱ्हाऊ दे."

अक्काचे यजमान, माझे मेहुणे, सुरतेत यंत्रमागावर कामाला होते. गावी येताना सुरतेजवळच त्यांच्या गाडीला अपघात झाला आणि त्यात ते गेले. पदरी दोन मुली, शेत नाही. सुरतेच्या कचेरीत द्यायचा भरपाईचा अर्ज मी लिहिला. घराण्यातला पहिला पदवीधर मी, आता गावच्या शाळेत मास्तर. गुरुजींनी अर्ज लिहायला शिकवले, त्यांचे उपकार मी विसरत नाही. मात्र अर्ज दिल्यावर पुढे काय करायचे, ते कुठल्याच इयत्तेत नव्हते.

पहिल्या खेपेला लग्नाचा दाखला मागितला. दुसऱ्या खेपेला तो दिला, तर कारकून म्हणाला, "मयताचा ताबा थोरल्या भावाने घेतलाय. त्याची संमती आणा." मेहुण्यांना भाऊच नव्हता.

व्यारा स्टेशन गेले, बारडोलीचा ऊस मागे पडला. सुरतेच्या स्टेशनाबाहेर लोचो (डाळीचा वाफवलेला मऊ पदार्थ) खाल्ला. चव उत्तम होती, पण अक्काने पानाला हात लावला नाही.

चाळीत चौकशी केल्यावर तो 'भाऊ' सापडला. मेहुण्यांच्या गावचाच नथू. जात वेगळी, आडनाव वेगळे, वयाने मेहुण्यांहून लहान. आम्हाला पाहताच त्याचा चेहरा उतरला.

"गाववाला सांगं ते बॉडी देयेतच ना, मास्तर. बेवारस म्हनी लई जातीस. मंग मी थोरला भाऊ सांगं. आते माले आत टाकतीन."

"अरे, पण हे आधी कळवायचे नाही?" मी वैतागून म्हणालो.

"कोनले कळावू? तुमले तार भेटनी तवलोंग मी अग्नी दी टाका व्हता."

अक्का दारातूनच कडाडली, "नथू, ऊठ. मानूस मारा का तू? चाल." तो सदरा घालून निघाला.

कचेरीत आमचा अर्ज तीन टेबले फिरला आणि पुन्हा पहिल्याच टेबलावर आला. तिथल्या कारकुनाने तो न बघता पुन्हा पुढे ढकलला. दुपार कलताना साहेबांनी मला आणि नथूला आत बोलावले. साहेब वयस्कर गुजराती होते, चष्मा नाकाच्या शेंड्यावर.

"बड़ा भाई? और सरनेम अलग?"

नथू माझ्याकडे पाहू लागला. खरे सांगून टाकावे म्हणून मी तोंड उघडले. खरे सांगितले असते तर नथू अडकला असता आणि अर्ज पुन्हा पहिल्या टेबलावर गेला असता. तेवढ्यात साहेबांनी अक्कालाही बोलावणे पाठवले.

अक्का उंबऱ्याच्या आत आली आणि नथूकडे पाहून पदर थेट हनुवटीपर्यंत ओढून भिंतीकडे वळून उभी राहिली.

"ये कौन है आपका?" साहेबांनी नथूकडे बोट करून तिला विचारले.

ती मला जवळ बोलावून हलकेच म्हणाली, "इचार त्यास्ले, सकायपाईन काही खादं का?"

सकाळी ज्याला अरेतुरे केले, त्याला आता आदराने 'त्यास्ले'. जेठाशी (नवऱ्याच्या थोरल्या भावाशी) आमच्याकडे बायका थेट बोलत नाहीत, दुसऱ्याच्या तोंडून विचारतात. साहेबांनी चष्मा काढला.

"लाज काढे छे (थोरल्यासमोर पदर ओढते)," ते कारकुनाला म्हणाले. "जेठ ज होय. मासीना दीकरा हशे." मावशीचा मुलगा असेल, हे आडनावाचे कोडे त्यांचे त्यांनीच सोडवले होते. संमतीवर नथूचा अंगठा घेऊन अर्ज मंजुरीला गेला. मी उघडलेले तोंड मिटले.

परतीच्या गाडीवर नथू पोचवायला आला. त्याला पाहताच अक्काने पुन्हा पदर ओढला.

"अक्का, आता इथे कोणी साहेब नाही," मी म्हणालो.

"माले माहीत शे. त्यास्ले सांग, दिवाईले घर या म्हना."

मी सांगितले. नथूने मान खाली घालून हात जोडले.

तीन खेपांत त्या कचेरीने आम्हाला इतके प्रश्न विचारले. अग्नी कोणी दिला, हे कोणी विचारले नाही. अक्काने मात्र तेवढेच धरून ठेवले होते. उधना स्टेशन मागे पडेपर्यंत तिने पदर वर केला नाही.