माईक खाली ठेवून

लटारूभाऊ माझ्या दुकानात समोरच्या खुर्चीवर बसतात आणि मलाच मेसेज पाठवतात. मध्ये फक्त एक टेबल. "रंजीता, चाय बोलाव." मी म्हणते, भाऊ, हातानं खूण केली तरी समजते मले. की लगेच दुसरा मेसेज येतो, "खुणा कराले मी मुका हाय का?" मी चहा सांगते.

बोलता तर त्यांना येत नाही. तंबाखू-सुपारीचा खर्रा खाऊन खाऊन गळा गेला, नागपूरला ऑपरेशन झालं आणि जीव वाचला, पण आवाज तिथंच राहिला. आणि आवाज कोणाचा, तर लटारूभाऊचा. दिवाळीपासून होळीपर्यंत आमच्या झाडीपट्टीत गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते, अन् मंडई म्हटली की रातभराचं नाटक आलंच. कुठल्या गावी कोणतं नाटक, हे जीपवर भोंगा बांधून सांगत फिरायचं म्हणजे पुकारा. तो त्यांनी उभा जन्म केला. जीप कोलू नावाचा ड्रायव्हर चालवायचा, पर्चे लटारूभाऊ उडवायचे, आणि ते गुलाबी पर्चे गोळा करायला आम्ही पोरं धुळीत जीपमागे धावत सुटायचो. एवढी मजा पुढे मला कशातच आली नाही, खरं सांगते.

गेल्या पावसाळ्यात आमडीटोल्याच्या नाट्यमंडळाची बैठक झाली. आमडीटोला म्हणजे आमचं गाव, नागभीडपासून बसनं अर्धा तास. मंडळाचे अध्यक्ष मुखरूभाऊ सगळ्यांसमोर म्हणाले, "लटारू, मंडप अर्धा खाली राह्यते. लोकं घरी मोबाईल पाहून राह्यले. यंदा भरला त भरला, नाईतर पुढच्या सालापासून नाटक बंद." लटारूभाऊ त्या रात्री जेवले नाहीत, असं त्यांच्या सुनेनं मला सांगितलं. दुसऱ्या दिवशी दुकान उघडायच्या आधीच दारात हजर. मेसेज आला, "मोबाईलवर पुकारा करता येते का?"

आता हे काम मला येत होतं. नागपूरला एका कंपनीत मी हेच करायची. न पाहिलेल्या डोंगरांवर अन् न चाखलेल्या पदार्थांवर लेख लिहायचे, ते गुगलवर वर यावेत एवढ्यासाठी. कंटाळून घरी परतले आणि नागभीडला स्टेशन रोडवर हे ऑनलाइन सेंटर टाकलं. सातबारा, परीक्षेचे फॉर्म, झेरॉक्स. तेव्हा म्हटलं, करू. भाऊ, तुम्ही लिहा, वेबसाइट मी बनवते.

त्यांनी लिहून आणलं ते असं: "मायबाप रसिकहो, काळजाचं पाणी पाणी करणारं, माहेर तुटलेल्या लेकीची अन् सासर रुसलेल्या सुनेची आसवं डोळ्यांपुढं उभी करणारं..." असं चांगलं पानभर. नाटकाचं नाव, 'उंबऱ्याबाहेरची सून', ते सगळ्यात शेवटी. गाव त्याच्याही खाली. तारीख तर विसरलेच.

"भाऊ," मी म्हटलं, "काळजाचं पाणी पाणी असं टाइप करून कोणी नाटक शोधते का?"

मेसेज आला, "नाव आधी सांगतलं त लोकं घरात निंगून जाते. पुकारा असाच असते."

मीही हट्टाला पेटले. म्हटलं ठीक आहे, घ्या, टाकते जसंच्या तसं. टाकलं. मग दोघं रोज शोधून पाहायचो. आमडीटोला शोधलं, मंडई शोधलं, नाटक शोधलं, पानंच्या पानं उलटली, आमचं काही दिसेना. एक दिवस ते उठले आणि मेसेज न करताच गेले. चार दिवस खुर्ची रिकामी. मला चहा गोड लागेना. त्या म्हाताऱ्यावर राग आला होता आणि त्याच्यावाचून करमतही नव्हतं.

अशात एका दुपारी एक बाई फॉर्म भरायला आली. काम झालं तरी दारात थबकून विचारू लागली, "पोरी, राजुऱ्याची गाडी गेली का? दुसरी कधी हाय? लेकरू हाय संगं." आणि मला माझी आई आठवली, गुणाबाई. अशीच दारात उभी राहायची. भोंग्यातल्या आसवांशी तिला काही देणंघेणं नसे. ती हात वर करायची, कोलू जीप थांबवायचा, आणि लटारूभाऊ माईक सीटवर ठेवून खाली वाकायचे. मग आई विचारायची, अन् ते साध्या घरच्या आवाजात सांगायचे. "परत जायले गाडी हाय का जी?" "सकायची पहिली हाय बाई, मी थांबवतो." "खुर्च्या हाय का?" "धानाच्या तणसीवर बसाचं हाय, घरून बोरा आण." "पोरगी लहान हाय माही." "आण, पण कानटोपी घाल. थंडी लय हाय." त्या बोलण्यावर विश्वास ठेवून आई गोणपाटाचा बोरा काखेत मारायची, माझ्या डोक्यावर कानटोपी ओढायची आणि आम्ही निघायचो. आई जाऊन आता बरीच वर्षं झाली. ती कानटोपी अजून पेटीत आहे.

दुकान बंद केलं आणि गाडी काढून थेट त्यांचं घर गाठलं. ते ओसरीवर तोंड पाडून बसले होते. म्हटलं, "भाऊ, माईकमधलं सोडा. माईक खाली ठेवून माह्या मायले जे सांगत होते, ते लिवा."

 त्यांनी मोबाईल काढला आणि अंगठा चालू झाला तो थांबेचना. जीपमागे आलेल्या बायांनी जन्मभर जे जे विचारलं होतं, ते सगळं खाली उतरलं. पानाला नाव दिलं, 'आमडीटोला मंडईचं नाटक: कधी, कुठी, कसं यायचं'. खाली एकेक प्रश्न आणि एकेक उत्तर. बल्लारपूरहून कोणत्या रेल्वेनं नागभीडला उतरायचं, पुढे बस कुठून. म्हाताऱ्या माणसाला टेकायला जागा आहे का. बसची वेळ मी एसटीच्या वेबसाइटवरून उतरवली, तर त्यांना पटली नाही. स्वतः स्टँडवर जाऊन कंडक्टरला कागद दाखवून खात्री करून आले. शेजारच्या गावांची नाटकंही त्यात घातली. मुखरूभाऊ भडकले, "दुसऱ्याचा पुकारा काऊन करतं बे?" लटारूभाऊंचं उत्तर, "लोकायनं विचारलं त सांगाव लागते."

आमच्याकडची माणसं गुगललासुद्धा शेजाऱ्याला विचारावं तसंच विचारतात. 'आज नाटक कुठी हाय', 'मंडईले गाडी हाय का'. आमच्या पानावर नेमकं तेच होतं. पान आधी कुठंतरी तळाशी दिसलं, मग वर सरकलं, आणि एका सकाळी पाहते तर सगळ्यात वर. मी स्क्रीन फिरवून दाखवली. लटारूभाऊंनी चष्मा पुसला आणि मेसेज केला, "मंडप भरन तवा खरं."

मंडईच्या दिवशी दिवेलागणीला आम्ही दोघं फाट्यावर उभे होतो. पहिली बस आली, खच्चून भरलेली. बाया उतरू लागल्या आणि मी बघतच राहिले. प्रत्येकीच्या काखेत घडी घातलेला बोरा, प्रत्येक लेकराच्या डोक्यावर कानटोपी. बल्लारपूरला कामाला गेलेली आमच्याच गावची जवान पोरं, ज्यांनी जन्मात कानटोपी घातली नसेल, तीही घालून आलेली. लटारूभाऊंच्या डोळ्यांतून धार लागली आणि त्यांनी ती पुसलीही नाही. मागची बस आली तसे मुखरूभाऊ मंडपातून धावतपळत आले, आणखी दोन बैलबंड्या तणीस आणायला पोरं पाठवली, आणि जाता जाता म्हणाले, "रंजीता, पुढच्या सालची मंडई बी टाकून दे त्याच्यात."

गर्दीतून नीलाबाई पुढं आल्या. आमच्या गावची लेक, राजुऱ्याला दिलेली, कित्येक वर्षांत मंडईला आल्या नव्हत्या. "लटारूभाऊ, तुमचा पुकारा आयकला म्हून आली."

भाऊंनी गळ्यावर हात ठेवून मान हलवली, आवाज नाही म्हणून.

"त्यानं काय होते जी?" त्या म्हणाल्या. "वाचताना मले तुमच्याच आवाजात आयकू आलं." आणि मग, माझी आई विचारायची तसंच, "परत जायले गाडी हाय ना?"

त्यांनी मोबाईलवर काही लिहून समोर धरलं. नीलाबाईंनी वाचलं आणि निवांतपणे बोरा घेऊन मंडपाकडे गेल्या. मी वाकून पाहिलं. "मी थांबवतो."

सकाळी नाटक सुटलं तेव्हा बस फाट्यावर उभी होती आणि ड्रायव्हर हॉर्नवर हॉर्न वाजवत होता. लटारूभाऊ बससमोर रस्त्यात उभे होते. शेवटची बाई लेकरू घेऊन चढेपर्यंत ते जागचे हलले नाहीत.