गरम चकती

आठवण डोक्यात येते. मला जे होतं ते हातात येतं. शर्टाची बटणं लावताना, दाढी करताना, कचेरीत सही करताना डावा तळहात एकदम भरतो. पाच-सहा वर्षांच्या मुलीचा दंड त्यात येऊन बसतो. ऊन, तेलकट, भीतीनं ताठ. मग स्पिरिटचा वास. मग उजव्या हाताच्या दोन बोटांना चटका. एवढं होतं आणि सरतं. एकदा आर्णीच्या रस्त्यावर सायकलवर असताना असं झालं, डावी मूठ सुटली आणि मी खडीवर आपटलो. हनुवटीवरचा व्रण त्याचाच. कुत्रं आडवं आलं, असं बायकोला सांगितलं. तिनं ते खरं मानलं.

मी गावोगाव देवी टोचत फिरायचो. सत्तावन-अठ्ठावनचं साल असेल. हत्यार साधं होतं: दांडीच्या टोकाला बारीक दात्यांची चकती. दंडावर लशीचा थेंब ठेवायचा, त्यावर चकती टेकवून फिरवायची. दर मुलानंतर चकती स्पिरिटच्या दिव्यावर धरायची आणि निवू द्यायची. निवू देणं महत्त्वाचं. गरम चकतीनं लस मरते, मग टोचलं काय आणि न टोचलं काय. हे आम्हाला पहिल्याच आठवड्यात शिकवलं होतं.

त्या दिवशी बोरी अरबला मित्राकडं कोंबडं शिजत होतं आणि मला जेवायला वेळेवर पोचायचं होतं. दुपारी बंजाऱ्यांच्या तांड्यावर पोचलो तेव्हा चाळीसेक मुलं जमवून ठेवलेली. एक निवेपर्यंत वापरायची दुसरी चकती बोथट झाली म्हणून मी घरीच ठेवली होती. एकीवरच काम, आणि गाडीवाला घाई करत होता. चकती निवायची वाट मी पाहिली नाही. चकती लवकर तापावी म्हणून दिवा मोठा केला होता, तो तसाच राहिला.

पोरं आयांच्या मागं लपत होती. एक मुलगी आपण होऊन पुढं आली.

"मले पयले टोचा."

"रडन आता थे," मागून कोणीतरी म्हणालं आणि सगळी हसली.

ती रडली नाही. दंड मात्र एकदम ताठ केला. "गरम लागते जी," एवढंच म्हणाली.

मला ऐकू आलं होतं. माझी बोटंही भाजत होती. "गरम नाही, झोंबते," मी म्हणालो, आणि उरलेल्या सगळ्यांना तसंच टोचलं. सातव्या दिवशी जाऊन कोणाचा फोड धरला ते बघायचं असतं. मी गेलो नाही. सगळ्यांचे धरले असं घरी बसून लिहिलं.

पुढच्या उन्हाळ्यात तांड्यात देवी आल्या. तीन मुलं गेली. पहिली ती.

जिल्ह्याहून आमचे साहेब चौकशीला आले, तेव्हा मी त्यांच्या मागं उभा होतो. मुलीच्या आईनं कोणी विचारण्याआधीच सांगून टाकलं, "लेकराची आग होत होती जी, म्हून मी ओल्या फडक्यानं पुसलं."

साहेबांनी माझ्याकडं पाहिलं. मी म्हणालो, "हे लोक लस पुसून टाकतात, साहेब."

वाक्य एवढंच. साहेबांचं समाधान झालं. तांड्याचंही झालं. हिनं देवी पुसली म्हणून देवी सगळ्यांवर कोपली, असं पहिल्यांदा तिची सासूच बोलली, माझ्यासमोर. मी पेटी बंद केली आणि निघालो. हातातलं हे त्यानंतर महिन्याभरात सुरू झालं.

दहाएक वर्षांनी मी तिथं परत गेलो. पश्चात्तापानं गेलो असं लिहिलं तर खोटं ठरेल. सांगितलं तर तो दंड माझा हात सोडेल, अशी आशा होती. सोडला नाही. तो अजून येतो.

मुलीची आई दारात तूर निवडत बसली होती.

"तुमी थे टोचनवाले न?"

मी सगळं सांगितलं. कोंबड्यासकट. तिचा हात सुपातच थांबला.

"म्हंजे मी पुसलं त्यानं काई झालं नाई?"

"नाही. औषध आधीच मेलं होतं."

"अन् हे तुमाले तवाच मालूम होतं? त्या सायबासमोर उभे होते तवाबी?"

"होतं."

ती उठली. घागऱ्यावरची फोलपटं झटकली. "बाळंतिनीच्या घरात मले कोनी पाय ठेवू देत नाई. मले सांगून काय करता? चला, त्यायले सांगा."

लिंबाखाली तांड्याचा नायक खाटेवर बसला होता. तिनं हाका मारून दहा-बारा माणसं जमवली. मी उभ्यानं सांगितलं. एक तरुण म्हणाला, "दाक्तरसायेब, पेन्शन जवळ आली वाट्टे, पाप धुऊन राह्यले." दोघं-तिघं हसले. नायकानं हात हलवला. "जाऊ द्या. देवीची मर्जी होती. च्या घेता का?" माणसं उठायला लागली.

ती जागची हलली नाही.

"माह्या सासूले कमी ऐकू येते," ती मला म्हणाली. "तिच्या कानापाशी बसा अन् पुन्हा सांगा. जोरानं."

म्हातारी भिंतीला टेकून तंबाखू मळत होती. मी तिच्याजवळ उकिडवा बसलो आणि ओरडून सांगितलं: लस मी मारली, सुनेनं काही केलं नाही, साहेबाशी मी खोटं बोललो. उठलेली माणसं थबकली.

"काय म्हन्ते हा?" म्हातारीनं सुनेला विचारलं.

"त्यालेच इचारा," सून म्हणाली.

म्हातारीनं मान माझ्याकडं वळवली. मी पुन्हा पहिल्यापासून सांगायला लागलो.