देझिरे भागवत तांदळे, दहावी ब

शाळेच्या हापिसात किस्से जमवावे लागत नाहीत, ते आपोआप साचतात. कपाटावरची धूळ निदान दिवाळीला तरी निघते, हे तेवढंही निघत नाहीत! सत्तावीस वर्षं मी धारूरकडच्या एका हायस्कुलात क्लार्क आहे. इतक्या वर्षांत माझ्या हातून काय झालं असेल, तर लोकांच्या पोरांची नावं लिहून झाली. ठेवायचं काम त्यांचं, लिहायचं माझं, आणि चुकलं की शिव्याही मलाच.

मित्र म्हणतात, "अरे, तुझ्याकडं एवढे किस्से, लिहून काढ की." काय लिहू? सांगायला बसलो की पहिल्या दोनला सगळे हसतात, मीही हसतो, आणि तिसऱ्याला माझाच आवाज बसतो. म्हणून बाकीची नावं राहू द्या. एकाच नावाचं सांगतो. पाच वर्षं ते माझ्या टेबलावर होतं आणि मला ते एकदाही नीट करता आलं नाही.

*

पाचवीचे प्रवेश चालू होते. भागवत तांदळे धाकट्या पोरीला घेऊन आला. नवराबायको दोघंही दरवर्षी ऊसतोडीला जाणारी, त्यामुळे हा माणूस जूनमध्येसुद्धा घाईतच असायचा. मी जनरल रजिस्टर उघडलं, पेनाचं टोपण काढलं.

"मुलीचं नाव?"

"दे जिरे."

मी मान वर केली. "काय देऊ?"

"देजिरे, साहेब! देजिरे!"

आमचा शिपाई महादेवप्पा दाराशी उभा होता. त्याच्या भावाचं बाजारात किराणा दुकान आहे. तो एकदम गंभीरपणे म्हणाला, "जिरे हितं न्हाई मिळत. दुकानावर जावा, माझं नाव सांगा."

भागवत कावराबावरा झाला. "आवो, पोरीचं नाव हाय ते! तिच्या मायनं ठेवलंय. देजिरे भागवत तांदळे."

आधी जिरे आणि वर तांदळे! मी पेन खाली ठेवून हसलो. महादेवप्पा हसला, रांगेतले पालक हसले, शेवटी भागवतसुद्धा ओशाळून हसला. पोरगी तेवढी हसली नाही, खाली बघत राहिली. मला ते दिसलं होतं. पण हसू काही आवरलं नाही, खोटं कशाला बोलू?

*

आठ दिवसांत तिचं शाळेत "जिरा राइस" झालं. हे होणारच होतं. पण खरी गंमत झाली ती पोषण आहाराच्या शेडमध्ये.

मुलं ताटं घेऊन रांगेत उभी होती. चुलीवर फोडणी तडतडत होती. स्वयंपाकवाल्या मावशी आपल्या जोडीदारणीवर ओरडल्या, "अगं, बघत काय बसलीस? दे जिरे!"

रांगेतून आवाज आला, "आले, मावशी!"

आणि पोरगी ताट घेऊन खरंच पुढं आली!

सगळी शेड लोळली. मावशींच्या हातातली पळी खाली पडली. हा किस्सा मी लग्नकार्यात किती वेळा सांगितला असेल, मोजदाद नाही. लई टाळ्या पडायच्या.

परवा मावशी भेटल्या तर म्हणाल्या, "साहेब, त्या दिसापून ती पोरगी कधी जेवायला आलीच न्हाई. घरून भाकर आणायची अन् वर्गातच खायची." मी तो किस्सा आता सांगत नाही. आज पहिल्यांदाच सांगतोय.

*

सहावीत तिला जातीचा दाखला काढायचा होता. भागवत ऑनलाइन सेंटरवर गेला. तिथल्या ऑपरेटरनं "डिझे" एवढं टाइप केलं, पुढचं मशीननं आपल्या मनानं सुचवलं, त्यानं एंटर दाबलं आणि तो चहाला गेला. पंधरा दिवसांनी दाखला आला. शिक्का, सही, सगळं जागच्या जागी.

"कुमारी डिझेल भागवत तांदळे."

हसू नका! म्हणजे हसा, मीही हसलो होतो. मग कागद घेऊन स्वतः एका हापिसात गेलो. कुठलं ते विचारू नका, तुमचंही काम पडतं तिथं. तिथल्या बाबूनं शांतपणे चष्मा लावला, दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले.

"ही डिझेल अन् ही देजिरे एकच हाय, कशावरून?"

मी वैतागलो. "अहो साहेब, डिझेल नावाची मुलगी असते का कुठं?"

त्यानं चष्म्यावरून माझ्याकडं बघितलं. "देजिरे नावाची असती का?"

मी खालमानेनं प्रतिज्ञापत्राचा नमुना घेतला आणि एस.टी. पकडली. ती दुरुस्ती व्हायला सव्वा वर्ष लागलं, आणि दुरुस्त होऊन नाव आलं ते "देवजिरे". मी तसंच फायलीला लावून टाकलं. हात टेकले मी त्या दिवशी.

*

आठवीत असताना वरचे साहेब तपासणीला आले. वर्गात शिरले आणि नेमकी हिलाच उभी केली.

"नाव काय बाळ?"

तिनं सांगितलं. वर्गात खसखस पिकली. साहेबांना कौतुक वाटलं. "अरे वा, वेगळंच नाव! अर्थ काय त्याचा?"

"म्हायती न्हाई, सर."

आमच्या हेडमास्तरांना गप्प बसणं जमत नाही. ते पुढं सरसावले. "साहेब, मूळ शब्द देज. पूर्वी मुलीच्या बापाला लग्नात जे द्रव्य द्यायचे ते देज. त्यावरून आलंय हे."

मागून इतिहासाचे शेखसर म्हणाले, "माफ करा, पण हा निजामाच्या वक्ताचा लफ्ज वाटतो. वजीरचं बिघडून झालं असावं."

साहेब खूश! त्यांनी शेरेबुकात लिहिलं, "शाळेत भाषेची जाण उत्तम आहे." हेडमास्तरांनी त्या पानाची झेरॉक्स काढून भिंतीवर लावली, अजून आहे.

शाळा सुटल्यावर पोरगी माझ्या टेबलापाशी आली. "सर, खरं सांगा. माझ्या नावाला अर्थच न्हाई ना?"

"असतो गं. सगळ्या नावांना असतो. शोधून सांगतो तुला."

त्या दिवशी मोबाइलवर शोधलं मी. आधार कार्डावरचं स्पेलिंग जसंच्या तसं टाकलं, तर त्यानं जिरे भाजायच्या चार पद्धती दाखवल्या. मोबाइल खिशात घातला आणि कामाला लागलो. मग ते राहिलंच. ती दोन-तीनदा आली, माझ्या टेबलापाशी नुसती थांबली, आणि काही न विचारता गेली. मला लाज वाटते आता.

*

दहावीत, बोर्डाचे फॉर्म भरायच्या वेळी, तिनं माझ्यापुढं अर्ज ठेवला. स्वच्छ अक्षर, एक खाडाखोड नाही. माझे नाव बदलून 'पूजा' करण्यात यावे, ही विनंती.

"अगं, शाळेत सहा पूजा आहेत."

"मंग सातवी मी, सर. सातवीला कोणी हसत न्हाई."

मी अर्ज ठेवून घेतला. बोर्डाच्या फॉर्मवर एकदा नाव गेलं की ते जन्मभराचं, त्यामुळे बदल करायचा तर प्रस्ताव उद्याच्या उद्या जायला हवा होता. आईबाप उसाच्या फडात, शंभर कोसांवर. मी भागवतला फोन लावला.

तो म्हणाला, "करा की साहेब. माझ्या आईला धाडतो, तिचा अंगठा घ्या." तेवढ्यात कुणीतरी त्याच्या हातातून फोन घेतला. त्याच्या बायकोचा आवाज मी पाच वर्षांत पहिल्यांदा ऐकला.

"साहेब, पाया पडते. बदलू नका."

"बाई, पोरगी रडकुंडीला आलीय. अर्थ तरी काय त्या नावाचा?"

पलीकडचा ट्रॅक्टरचा आवाज लांब गेला, बाई बाजूला जाऊन उभी राहिली असावी. मग ती बोलायला लागली.

"ही झाली तवा आमी कारखान्यावरच व्हतो. तिथल्या दवाखान्यात बाळंत झाले. तिसरीबी पोरगीच म्हणून कोणी बघायला आलं न्हाई. तिथं एक म्हातारी नर्स व्हती, गोव्याकडची. तिचं नाव व्हतं हे. मी इचारलं, बाई, तुमच्या नावाचा अर्थ काय? ती म्हनली, फ्रेंच नाव हाय. फ्रेंच म्हंजी कुठं, ते मला म्हायती न्हाई साहेब. पण अर्थ सांगितला तिनं. 'हवी व्हती ती.' मी म्हनलं, मंग माझ्या पोरीला द्या."

"मग घरात का सांगितलं नाही हे?"

"सांगितलं असतं तर ठेवू दिलं असतं का? आत्याबाई, म्हंजी माझ्या सासूबाई, म्हनत व्हत्या, माझंच नाव लावा हिला. म्हून मी त्यास्नी सांगितलं, तिकडच्या देवीचं नाव हाय, बदललं तर कोपंल. तुमीबी सांगू नका त्यास्नी. साहेब, आत्याबाईचं नाव म्हायती हाय का तुमाला?"

आणि रेंज गेली. चार वेळा लावला, लागला नाही.

मी फाइल काढली. दवाखान्याच्या जन्मदाखल्यावर मराठी रकाना होता आणि त्याच्या शेजारी इंग्रजी. पाच वर्षं तो कागद माझ्या कपाटात होता आणि इंग्रजी रकाना मी कधी वाचलाच नव्हता! तिथं त्या नर्सनंच लिहिलं असावं, स्पेलिंग अगदी बरोबर. ते मोबाइलवर टाकलं. दोन मिनिटं लागली. फ्रेंच नाव, मूळ लॅटिन. जिची आस धरली होती ती. फार वाट बघून झालेल्या लेकराला ठेवत. उच्चार कसा करायचा तेही ऐकवलं त्यानं: देझिरे. म्हणजे त्या पोराटोरांच्या, मावशींच्या, महादेवप्पाच्या तोंडचं जवळजवळ बरोबर होतं, आणि कागदावरचं सगळं चूक. मी टेबलावर डोकं टेकून बसून राहिलो.

*

दुसऱ्या दिवशी आजी आणि नात दोघी आल्या. शेवटचा दिवस, तीन वाजून गेलेले. आजी या पोरांना सांभाळून गावात राहते. दरवर्षी शाळेत यायची, पण तिचं काम कधी कागदापर्यंत आलंच नव्हतं. मी प्रस्तावाचा फॉर्म पुढं ओढला.

"पालकाचं नाव सांगा, आजी."

"लिव्हा. नकुसा."

माझं पेन थांबलं.

"लिव्हा की. नकुसा ज्ञानोबा तांदळे. पाचवी पोर मी माझ्या बापाची. आता पुरं, हे देवाला कळावं म्हून ठेवलं."

महादेवप्पाला राहवलं नाही. "मंग कळलं का देवाला?"

"कळलं ना. माझ्या मागं भाऊ झाला. लई लाडाचा." आजी असं म्हणून हसली. दात नव्हते तिला.

मी नाव लिहिलं. माझं अक्षर इतकं वाईट कधी आलं नव्हतं. महादेवप्पानं शाईचं पॅड पुढं केलं. पोरगी खिडकीपाशी उभी होती, हातात ओढणीचं टोक. आजीनं अंगठा शाईवर दाबला, उचलला, आणि कागदावर टेकवायच्या आधी थांबली.

"साहेब, एक इचारू? नाव टाकून दिल्यावर त्या देवीचा कोप तर न्हाई व्हायचा? पोरीची परीक्षा हाय."

तिच्या सुनेला मी शब्द दिला नव्हता, रेंज गेली होती. पण दिला असता तरी मोडला असता. अंगठा एकदा टेकला की संपलंच होतं सगळं.

"आजी, ते देवीचं नाव नाही. परदेशातलं आहे, फ्रेंच लोकांचं. त्याचा अर्थ, हवी होती ती. वाट बघून बघून झालेल्या लेकराला ठेवतात."

हे मी आजीला सांगत होतो, पण बघत होतो खिडकीकडं. दोन वर्षं उशिरा का होईना, सांगितलं. पोरीनं ओढणीचं टोक सोडलं.

आजी म्हणाली, "हवी व्हती?"

"हो."

"कुनाला?"

"तिच्या आईला."

आजीचा निळा अंगठा तसाच हवेत. तिनं नातीकडं बघितलं, मग मी नुकत्याच लिहिलेल्या आपल्या नावाकडं बघितलं. तिला वाचता येत नाही, तरी बघितलं.

मग खुर्ची जरा पुढं ओढून, माझ्या कानाशी आल्यासारखी, हळूच म्हणाली, "ही पोरगी आता पूजा व्हनार. म्हंजी ते नाव मोकळंच झालं ना, साहेब?"

"म्हणजे?"

"मंग ते माझ्या नावावर करता येतंय का, बघा की."