न वाजलेलं मंगलाष्टक

मागच्या वर्षी पुण्यात संगीत शिक्षकांचं एक शिबिर होतं. मी बारामतीत मुलामुलींना गाणं शिकवते, म्हणून मलाही बोलावणं आलं. विषय चांगला भारदस्त होता: आधुनिक अभिजात संगीतातला उपरोध, विडंबन आणि बीभत्स. व्याख्यात्यांनी एका परदेशी रचनेचा तुकडा ऐकवला. प्रेतयात्रेची संथ चाल चाललेली, व्हायोलिनं रडतायत, आणि मधेच एक क्लॅरिनेट असं किंचाळलं, की कोंबडीच्या पायावर कुणी पाय दिला असावा. सगळं सभागृह गंभीर. पुढच्या रांगेतली मंडळी तर माना डोलवत होती. आणि मी? मी फिस्सकन हसले. शेजारच्या बाईंनी असं बघितलं, की मी पदर तोंडाला लावला.

व्याख्याते म्हणाले, हा रचनाकार दुःखाचीच थट्टा करतो, ऐकणाऱ्याला हसावं की रडावं ते कळू देत नाही. मनात म्हटलं, अहो, हे मला काय सांगता! माझ्या सख्ख्या मामांनी जन्मभर हेच केलं, आणि त्यांना कुणी रचनाकार म्हटलं नाही, आगाऊ म्हटलं. मग पुढचं व्याख्यान माझ्या कानावरून गेलं. मी पार कळसला जाऊन पोचले होते.

माझे मामा इंदापूर तालुक्यातल्या कळसचे. डाळिंबाची बाग आणि लगीनसराईत बँड, हे त्यांचं आयुष्य. बँडमधली सगळी माणसं शेतकरीच. सकाळी फवारणी, दुपारी जरीच्या टोप्या. मामा क्लॅरिनेट वाजवायचे. आमच्याकडं त्याला क्लारनेट म्हणतात, आणि मामांच्या समोर कुणी पिपाणी म्हटलं तर ते त्या घरचा चहासुद्धा घेत नसत.

शिकले कुणाकडं? कुणाकडंच नाही. मी बारामतीला क्लासला जाऊन नवं नवं शिकत होते तेव्हा मोठ्या ऐटीत विचारलं होतं, "मामा, ह्यो कुठला राग?" तर म्हणाले, "राग कशाचा गं? मला कुणाचा राग न्हाय." आणि पुन्हा फुंकायला लागले.

त्यांची खरी करामत दिसायची ती लग्नातल्या भाषणात. आमच्या भागातलं लग्न ज्यानं बघितलंय त्याला सांगायला नको. मुहूर्त जवळ आलेला, नवरा-नवरी घामानं निथळतायत, आणि माईकवर सत्कार चालू. शाल, नारळ, फेटा, मग दोन शब्द. ते दोन शब्द काही दोनावर थांबायचे नाहीत. अशा वेळी मांडवाच्या मागच्या अंगाला बसून मामा त्या बोलणाऱ्याची हुबेहूब नक्कल वाजवायचे. त्यानं आवाज चढवला की क्लारनेट चढायचं, तो गहिवरला की तेही गहिवरायचं, आणि वाक्य संपलं की शेवटी एक बारीकसं 'प्यँक'. बायका पदरात तोंड खुपसायच्या. पणदऱ्याला एका वरातीत घोडा काही केल्या हलेना, नवरदेव वर बसून रडकुंडीला आला. मामांनी घोड्यापुढं उभं राहून त्याला अंगाई वाजवली. लोक रस्त्यात बसून हसले. ते वऱ्हाड उशिरा पोचलं याचं कुणाला काही वाटलं नाही.

अहाहा, काय दिवस होते ते! आताच्या डीजेनं छाती हादरते, पण हसू म्हणून येत नाही.

पण याच्यात मामांचा एक घोटाळा झाला. लोकांना त्यांच्या क्लारनेटवर हसायची सवयच लागली. एकदा आमच्या कन्हेरीत, माझ्या माहेरी, घरच्या पूजेला त्यांनी एक संथ, दुखरी सुरावट धरली. मला अंगावर काटा आला. पण ओसरीवरची माणसं एकमेकांना कोपरानं ढोसत होती, "थांब थांब, आता येतंय बघ." मामांनी डोळे उघडून त्यांच्याकडं बघितलं, आणि दिलं एक 'प्यँक'. ओसरी खदखदली. मामाही हसले. मला मात्र इतका संताप आला होता त्या माणसांचा, की मी कुणाला पाणीसुद्धा दिलं नाही.

माझं लग्न ठरलं तेव्हा मामा सुपारी फुटायच्या आधीच घरी हजर. आईला वाटलं, मानापानाचं बोलायला आले. तर ते मला अंगणात घेऊन गेले आणि म्हणाले, "पोरी, तुज्या लग्नात शेवटचं मंगलाष्टक कुनी म्हणायचं न्हाय. ते मी वाजवनार."

मी म्हटलं, "मंगलाष्टक वाजवतंय व्हय कुणी?"

"ऐक की. मान्सं गप हुबी कवा असत्यात सांग मला. कीर्तनात पेंगत्यात, सभेत तंबाखू मळत्यात. येक अक्षता टाकायच्या टायमालाच समदी हुबी, समदी गप. हातात तांदूळ, म्हंजी टाळ्याबी वाजवता येत न्हाईत. मला येकडाव तसं वाजवायचंय, मान्सं गप ऱ्हावून ऐकतील असं. प्यँक न्हाय. सरळ."

मी लगेच हो म्हटलं. भटजींनी कुरकुर केली, शब्दांशिवाय मंगलाष्टक कसलं म्हणाले, पण शेवटचं 'शुभमंगल सावधान' तुम्हीच म्हणा असं सांगितल्यावर तयार झाले. आईनं फक्त हात जोडले. "आण्णा, माझ्या पोरीच्या लग्नात तरी आगाऊपणा करू नगंस."

लग्नापर्यंत मामा रोज बागेच्या पलीकडं शेततळ्यावर जाऊन वाजवत बसायचे. कुणाला जवळ येऊ देत नसत. मामी आईला सांगत होती, "ह्यास्नी येड लागलंय. लांबनं नीट ऐकू येत न्हाय, पर ऐकलं की मला माज्या म्हायेरची आठवण येती." मलाही त्यांनी ऐकवलं नाही. म्हणाले, "तू नवरी. तू लग्नातच ऐकायचं."

लग्न आमच्या कन्हेरीलाच होतं, दारात मांडव घालून. मुलीचा मामा म्हणून मामांनी मला स्टेजवर आणलं आणि माझ्या पाठीशी उभे राहिले. डोक्याला फेटा, खांद्यावर उपरणं, आणि उपरण्याखाली क्लारनेट. बँड खाली मांडवाच्या टोकाला. उभ्या राहिलेल्या गर्दीतून त्यांना स्टेज दिसत नव्हतं, म्हणून मामांनी ढोलवाल्याला बजावून ठेवलं होतं: गाणारे गातील, मग माझं क्लारनेट होईल, मग माईकवर 'सावधान' आलं की उडवून द्यायचं. आता हा ढोलवाला जन्मभर ढोल बडवून कानानं अधू झालेला. पण हात असा, की मामा दुसऱ्या कुणाला घेत नसत.

मंगलाष्टकं सुरू झाली. एक आत्या काळी पाचात, एक चुलते त्यांना हवं तिथं, वराकडच्या एका काकूंनी तर सिनेमाच्या चालीवर म्हटलं. गाणारे संपले. मला मागून मामांचा खोल श्वास ऐकू आला. त्यांनी क्लारनेट ओठाला लावलं असणार.

तेवढ्यात निवेदक ओरडला, "येक मिनिट! येक मिनिट! मोठ्या पाहुण्यांचं आगमन झालेलं हाय. त्यांना फुडच्या लग्नाला जायचंय. शेवटच्या मंगलाष्टकाच्या आधी ते दोन शब्द आशीर्वाद देतील."

आले पुढारी. हातात माईक घेतला. अंतरपाट धरून उभ्या असलेल्या माणसांचे हात लटपटायला लागले, माझ्या हातातला हार जड झाला, लहान पोरांनी अक्षता कधीच एकमेकांना मारून संपवल्या. पुढारी बोलतायत आपले पाण्यावर, उसावर, एकजुटीवर. शेवटी तरुणांवर आले. व्यसनांबद्दल बोलले. मग त्यांनी आवाज खाली आणला, बोट उगारलं, जरा थांबले, आणि गरजले, "म्हणून या तरुण पिढीला मी एकच सांगेन, सावधान!"

धडाड्धूम!

ढोल, ताशा, ट्रम्पेट, सगळं एकदम. बँड सुटला की मांडवाचं कुणाच्या हातात काही राहत नाही. अक्षतांचा पाऊस पडला. ज्यांचे हात आधीच अवघडले होते त्यांनी अंतरपाट सोडून दिला. समोर माझा नवरा गोंधळून उभा. कुणीतरी त्याचा हात धरून हार माझ्या गळ्यात घालवला, माझाही हार त्याच्या गळ्यात गेला. भटजी 'अहो, अहो' करत राहिले आणि शेवटी आपणही हातातल्या अक्षता टाकून मोकळे झाले. पुढारी माईक धरून उभे, तोंड उघडं, फेट्यावर तांदूळ. आणि मांडव असा हसला म्हणता! माणसं खुर्च्यांना धरून हसत होती. सगळ्यांची खात्री, हा मामांचाच आगाऊपणा.

त्या गोंधळात माझ्या कानाच्या मागं आवाज आला. अगदी बारीक, लहान पोराचा वाटावा असा. "अरारा. माजं ऱ्हायलं की गं."

मी वळून बघितलं. मामांचं क्लारनेट ओठांपासून जरा लांब, तसंच धरलेलं होतं. डोळे भरले होते. थांबवा, परत करा, असं ओरडावंसं वाटलं. पण झालेलं लग्न परत कसं करणार?

इतक्यात पुढाऱ्यांबरोबरची माणसं बाह्या सावरत बँडकडं निघाली. ढोलवाला बिचारा लोकांना सांगत होता, "क्लारनेट झालं न्हवं? मला वाटलं झालं आसंल, मला कुठं बारीक ऐकू येतंय. त्ये सावधान तेवढं आलं कानावर." पण त्याचं कुणी ऐकून घेत नव्हतं. मामांनी ते पाहिलं, एका क्षणात डोळे पुसले, पुढं झाले आणि माईक ओढून घेतला. "त्याला कुनी काय बोलायचं न्हाय. मी खूण केली. पोरीचा मुहूर्त टळत हुता, मी तिचा मामा हाय. चूक आसंल तर माजी." पुन्हा टाळ्या, शिट्ट्या. पुढारी शहाणे निघाले. हसून त्यांनी मामांच्याच पाठीवर थाप मारली आणि पुढच्या लग्नाला गेले.

जाताना गाडीत बसायच्या आधी मी मामांच्या गळ्यात पडून म्हटलं, "आता वाजवा. माझ्यासाठी." ते म्हणाले, "आता नगं. मान्सं हसायला बसल्यात." आणि रडणाऱ्या आईकडं बघून त्यांनी तिच्या हुंदक्यांचीच नक्कल वाजवली, शेवटी 'प्यँक'. आई रडता रडता हसली, त्यांना चापट मारली. मी हसले नाही. गाडी कॅनॉलपर्यंत गेली तरी मला लोकांचं हसणं ऐकू येत होतं.

त्या दिवसापासून मामा तालुक्यात गाजले. भर भाषणात लग्न लावणारा मामा! जिथं चार माणसं जमतील तिथं ही गोष्ट सांगायला लावायची. सुरुवातीची वर्षं ते सांगायचे, "मग मी केली खूण," आणि मी समोर असले तर माझ्याकडं एकदा बघून नजर खाली घालायचे. मला कळायचं. मी कधी कुणापुढं बोलले नाही, ते आमच्या दोघांतलं होतं. पुढं गोष्ट वाढत गेली. खूण डोळ्यानं केली होती असं झालं, मग आदल्या दिवशीच बेत ठरला होता असं झालं. पुढं डीजे आले, बँड मोडला. ढोलवाला गेला, मामी गेली. मामांचे दात काढले, तेव्हा क्लारनेट पेटीत गेलं ते गेलंच.

शिबिरावरून आल्यावर मला चैन पडेना. पुढच्याच रविवारी मी कळसला गेले. मामा ओट्यावर बसले होते, कवळी वाटीत काढून ठेवलेली. गप्पा झाल्या, चहा झाला. मग मी धीर करून विचारलं, "मामा, माझ्या लग्नात तुमी शेवटी काय वाजवणार हुता? वाजवू नका, नुसतं गुणगुणून दाखवा. मी बसवते, माझ्या पोरांकडनं म्हणून घेते."

"लग्नात? लग्नात मी कुठं वाजवनार हुतो? मी तुज्या पाठीशी हुबा हुतो की."

"शेवटचं मंगलाष्टक, मामा. शेततळ्यावर रोज बसायचा बघा."

त्यांनी कपाळाला आठ्या घातल्या. खरंच आठवायचा प्रयत्न केला त्यांनी. मग ते हसले, सगळ्या बोळक्यानं.

"तसलं काय न्हवतं गं. मी खूण केली, ढोल वाजला. आदल्या दिशीच ठरिवलं हुतं आमी."

माझ्या डोळ्यांसमोर सगळं धूसर झालं. ती सुरावट ऐकलेलं आता कुणीच नव्हतं. ज्यानं केली तोही नव्हता.

"रडाया काय झालं?" मामा म्हणाले. "सांग की, त्या पुढाऱ्याचं तोंड कसं झालं हुतं? तू समोर हुतीस. तू लई झ्याक सांगतीस."

मी डोळे पुसले आणि सांगायला लागले. फेट्यावरचे तांदूळ सांगितले, उघडं राहिलेलं तोंड सांगितलं. मामा मांडीवर थापा मारून हसत होते.

"आन खूण कुनी केली?"

"तुमीच केली, मामा," मी म्हटलं. "तुमीच."