लाल झाकण, पांढरं झाकण

आमच्या वरच्या मजल्यावर तान्ह्या बाळांना मालिश करणारी बाई राहते. सगळे तिला मावशी म्हणतात. मीही म्हणते, ती माझ्याहून बरीच धाकटी असून. बाळ मांडीवर घेतलं की खोलीत मोठा आवाज नको, पाहुणे नकोत, फोन तर उचलायचाच नाही. नव्या आयांना तिने हे असं दटावलेलं, की मोडायची कुणाची बिशाद नव्हती.

तिचा दुसरा नाद म्हणजे तिखट तेल. मिरच्या खडखडीत वाळवायच्या, ओबडधोबड कुटायच्या आणि ऑलिव्हच्या तेलात अगदी मंद आचेवर मुरू द्यायच्या. करपल्या की सगळं फुकट. गार झालं की फडक्यातून गाळून बाटलीत. बाळांनाही ऑलिव्हचंच तेल, बाटल्याही त्याच, गडद काचेच्या. लाल झाकण जेवणाचं, पांढरं बाळांचं. कागद चिकटव म्हटलं, तर म्हणायची, मला काय डोळे नाहीत?

एका सकाळी तिने मला लाल झाकणाची बाटली आणून दिली. मी लगेच उकडलेल्या अंड्यावर ओतलं, खाल्लं आणि तोंडावर सांगितलं, की मावशी, तुझ्या मिरच्यांत राम नाही. तिने माझ्या म्हाताऱ्या जिभेचा उद्धार केला आणि थेंबभर तेल स्वतः चाखलं.

पुढचा टोमणा तोंडातच राहिला. चेहरा पांढराफटक.

"ताई, हे बाळांचं आहे."

मग तुटक तुटक कळलं. तिच्या नवऱ्याने आदल्या दिवशी मोठ्या हौसेने ओटा आवरला होता, झाकणं धुऊन आपल्या मनाने लावली होती. आणि आज सुट्टी घ्यायची म्हणून तिने पांढऱ्या झाकणाची बाटली पलीकडच्या गल्लीतल्या एका बाळंतिणीकडे ठेवली होती. पहिलटकरीण. लेकीला आज स्वतः मालिश करणार होती.

फोन लावला. वाजत राहिला. पुन्हा लावला. मावशी माझ्याकडे बघत म्हणाली, "उचलणार नाही. मीच सांगितलंय ना."

आम्ही घरच्या चपलांवरच निघालो. ती वाटभर पुटपुटत होती: बाळं मुठी डोळ्यांत घालतात हो, ताई, बोटं चोखतात. मी गप्प बस म्हणून खेकसले आणि झपाझप पुढे निघाले. जिन्यात शिरलो तर वरून बाळाचं रडणं. साधं नव्हे, टाहो. मावशी कठड्याला धरून थांबली. म्हणाली, तुम्ही जा पुढे, माझ्याने बघवणार नाही. मी तिच्या दंडाला धरून ओढलं.

दार उघडंच होतं. आई दुपट्यातलं बाळ खांद्यावर घेऊन येरझारा घालत होती. भुकेने उठलंय, घाईघाईने म्हणाली, मालिश कुठली, अजून सुरुवातच नाही. पलंगावर सासूबाई पाय पसरून बसलेल्या, दोन्ही गुडघे लालबुंद, शेजारी उघडी बाटली. सूनबाईचं आटपेपर्यंत त्यांनी स्वतःच्या गुडघ्यांना तेल चोळून घेतलं होतं. आग आग होतेय पण कळ पळाली, असं कौतुकाने सांगत त्यांनी तेलाने माखलेले हात पुढे केले. "आण गं तिला. मी घेते."

"हात लावू नका!"

बाळाच्या खोलीत मावशी ओरडल्याचं कुणी कधी ऐकलं नसेल. सासूबाईंचे हात बाळाच्या गालापाशी थबकले. मावशीने ते कोपरांना धरून बाजूला केले, मग आईचे तळवे हुंगले, बाळाच्या मुठी उघडून हुंगल्या, कानामागे, हनुवटीखाली. कुठेही मिरचीचा वास नव्हता.

सासूबाईंना साबण लावून हात धुवायला पाठवलं. जाता जाता त्या म्हणाल्याच, बाटली इथेच राहू दे. मावशीने ती पदराखाली घेतली.

आईने नेहमीच्या सवयीने बाळ तिच्यापुढे धरलं, तुम्हीच शांत करा म्हणून. मावशीने हात पुढे केले आणि मागे घेतले. ते तिने हुंगले, पदराला पुसले, पुन्हा हुंगले.

"आज नको गं," ती म्हणाली, "आज माझ्या हातांचा भरवसा नाही."

मग बाळ मी घेतलं. ते आणखीच रडलं.